डोरेमॉनचा आवाज काढणाऱ्या बाई

वडाची_पारंबी (पुणे)

आमच्या घरी डोरेमॉन हिंदी बोलतो. तुमच्याही घरी बोलत असणार. भाचा चार वर्षांचा असताना मला म्हणाला, "मावशी, मेरी मदद करो ना!" तेव्हा ताईने त्या निळ्या बोक्याच्या नावाने कडाकडा बोटं मोडली होती. मी त्या काळात जपानीच्या एन४ परीक्षेची तयारी करत होते. कान तयार व्हावेत म्हणून लहान मुलांची कार्टूनं मुळातून ऐका, असं आमच्या सेन्सेईंनी, म्हणजे जपानीच्या शिक्षकांनी, सांगितलेलं. एका रात्री सगळे झोपल्यावर जुन्या डोरेमॉनचा एक भाग लावला आणि दचकलेच.

हिंदीतला डोरेमॉन कसा चुरचुरीत, टवटवीत. हा मात्र घोगरा! सर्दी झालेल्या आजीने नातवाची समजूत काढावी तसा. मला वाटलं, कुणी पोक्त गृहस्थ असणार. शेवटी नावं आली ती शब्दकोश हातात घेऊन लावली. ओयामा नोबुयो. बाई निघाल्या.

तेव्हापासून या बाईंनी मला धरलंय, म्हणून हा धागा.

ओयामाबाईंचा जन्म १९३३ चा, टोक्योतल्या शिबुयाचा. आवाज लहानपणापासून असाच. माध्यमिक शाळेत त्या तोंड उघडायच्या आणि वर्ग फिदीफिदी हसायचा. मग त्यांनी बोलणंच कमी केलं. हे आईच्या लक्षात आलं. तिचं म्हणणं असं की दुबळी जागा झाकून ठेवली की आणखी दुबळी होते, तेव्हा आवाज लपवू नकोस, उलट वापर. आणि मुलीने शाळेच्या ध्वनिक्षेपण मंडळात नाव घातलं! म्हणजे ज्या आवाजाला वर्ग हसत होता, तोच आता सगळ्या शाळेला कर्ण्यातून ऐकू येणार. हा प्रसंग बाईंनी पुढे स्वतःच अनेकदा सांगितला आहे.

मग 'हाइयुझा' या नाटकमंडळीच्या प्रशिक्षणशाळेत अभिनय शिकल्या. हे मुद्दाम सांगते, कारण त्या काळी 'सेइयू', म्हणजे आवाजाचा नट, असा वेगळा धंदा नव्हताच. नाटकातले नट पोटापाण्यासाठी रेडिओ आणि डबिंग करायचे. ओयामाबाईंचं आवाजाचं पहिलं काम १९५७ चं, 'लॅसी' या अमेरिकन कुत्र्याच्या मालिकेच्या जपानी डबिंगचं. त्यानंतर एनएचके या जपानी वाहिनीवर १९६० ते ६७ तीन डुकरांची बाहुलीमालिका चालली, तिच्यातला सदा कुरकुरणारा थोरला बू त्यांचा. 'साझाए-सान' ही कार्टून मालिका १९६९ मध्ये सुरू झाली तेव्हा तिच्यातला द्वाड काट्सुओ पहिले थोडे महिने त्यांनीच केला. १९७७ ला 'झांबोट ३' या यंत्रमानवांच्या मालिकेचा नायक कापेई. पोरांचे आवाज, तेही वांड पोरांचे, ही त्यांची खासियत झाली होती.

आणि १९७९ च्या एप्रिलमध्ये डोरेमॉन आला. वयाच्या पंचेचाळिशीत. सुरुवातीला रोज दहा मिनिटांचा तुकडा असायचा, पुढे शुक्रवार संध्याकाळ ठरून गेली.

मला खरी गंमत वाटते ती इथे. बाईंनी मूळ चित्रकथा वाचून स्वतःशीच प्रश्न घातला की हा कोण आहे? बाविसाव्या शतकातून नोबिता नावाच्या एका मुलाला सांभाळायला पाठवलेला यंत्रमानव. मग ज्याने तो बनवला, तो त्याच्या डोक्यात शिव्या कशाला भरेल? त्यामुळे त्यांनी संहितेतले आडदांड शब्द माइकसमोर सौम्य करून टाकले. "नमस्कार, मी डोरेमॉन" ही प्रत्येक जपानी माणसाला पाठ असलेली ओळखही त्यांचीच पदरची भर. चित्रकथेचे जनक फुजिको एफ. फुजिओ यांनी ते ऐकलं आणि ते बाईंना म्हणाले, डोरेमॉनचा आवाज असा होता होय! ज्याने पात्र जन्माला घातलं, त्यालाच ते बोलतं कसं हे दुसऱ्याकडून कळलं.

पुढे २६ वर्षं त्यांनी हेच केलं. दुसऱ्या ॲनिमेत जवळजवळ कामच घेतलं नाही. आपल्याकडे एखादी भूमिका गाजली की नट म्हणतो, मला त्या साच्यातून बाहेर पडायचंय. या बाईंनी साचा आतून लावून घेतला. मला अजून ठरवता येत नाही, हा त्याग म्हणायचा की धूर्तपणा म्हणायचा, की नुसता हट्ट. तुम्हाला काय वाटतं?

(भाच्याचं नंतर सांगते.)

---

कोकणकडा

मस्त लिहिलंय पारंबी. आमच्या पिढीचा डोरेमॉन म्हणजे रविवारचा मोगली. 'जंगल जंगल बात चली है' वाजलं की आळी ओस पडायची. तीही जपानी मालिका हे कॉलेजात गेल्यावर कळलं. हिंदीत शेरखानला नाना पाटेकरांचा आवाज होता, आम्ही तेवढ्यासाठी बसायचो. जपानीत मोगलीचा आवाजही बाईचाच आहे, उरारा ताकानो यांचा. पण मुलांना बायकांचेच आवाज का?

---

नाकासमोर_चालणारा

कार्टूनच्या आवाजावर एवढा लांबलचक धागा! इथे मराठी शाळा बंद पडताहेत. माझी नात डोरेमॉन बघून बघून "आजोबा, आप बहुत बुरे हो" म्हणते, त्यावर कुणी लिहा. बाकी चालू द्या.

---

खर्ज_ते_तार

कोकणकडा, साधं कारण आहे, मुलग्याचा आवाज फुटतो. बारा वर्षांचा पोरगा घेतला आणि मालिका चालली तीन वर्षं, तर मधेच नायकाला मिसरूड फुटल्यासारखं ऐकू येणार. शिवाय सुरुवातीला तिकडे परदेशी मालिकांचं डबिंगसुद्धा थेट प्रक्षेपणात चालायचं. चित्र सरकतंय, नट माइकसमोर उभे, चुकलं तर चुकलं. तिथे लहान पोराला कोण उभं करणार? म्हणून बायकांना पोरांचे आवाज करायला लावले, असं मासाको नोझावा सांगतात. 'ड्रॅगन बॉल' या कार्टून मालिकेचा नायक गोकू त्यांचा, १९८६ पासून. बाई १९३६ च्या आहेत आणि २०२४ च्या नव्या मालिकेतही गोकू त्यांनीच केला. बाप गोकू, मुलगे गोहान आणि गोतेन, तिघेही त्याच. म्हणजे घरात भांडण झालं तर बाई स्वतःशीच.

मी आयुष्यभर आकाशवाणीसाठी नभोनाट्यं केली, म्हणून तिकडची पद्धत कळली तेव्हा मजा वाटली. खोलीत माइक तीन नाहीतर चार आणि नट दहा-बारा. भिंतीला लागून बसायचं, आपलं वाक्य आलं की उठून मोकळ्या माइकपाशी जायचं, बोलायचं, पुढच्याला जागा द्यायची. हातात संहिता, आणि पान उलटल्याचा आवाज आला तर मेलात! आम्हीही कागद खालच्या कोपऱ्याला दुमडून ठेवायचो. ते लोक बहुतेक वेळा चित्र आधी आणि आवाज नंतर करतात, त्याला 'आफुरेको' म्हणतात. अमेरिकेत उलटं, आवाज आधी. त्यामुळे तिकडे नट मोकाट सुटतो. जपानी नटाला मात्र चित्रातल्या तोंडाच्या उघडझापीत बसावं लागतं, आणि कित्येकदा ते चित्रही अर्धवट, नुसत्या रेघोट्या.

आकाशवाणीवरच्या 'पुन्हा प्रपंच'मधले टेकाडे भावजी, मीनावहिनी आणि पंत आठवतात का कुणाला? प्रभाकर जोशी, नीलम प्रभू, बाळ कुडतरकर. लोक त्यांना रस्त्यात ओळखायचे नाहीत आणि तोंड उघडलं की गराडा घालायचे.

---

चष्मेबहाद्दर

छोटी पुरवणी. १९७९ चा डोरेमॉन पहिला नव्हे. १९७३ मध्ये दुसऱ्या वाहिनीवर एक येऊन गेला, सहा महिन्यांत गुंडाळला गेला, निर्मितीसंस्था बुडाली. त्यात डोरेमॉनला आधी कोसेई तोमिता या पुरुषाचा आवाज होता. मधेच तो बदलून कोण आलं ओळखा? मासाको नोझावा! म्हणजे गोकूची बाई काही काळ डोरेमॉन होती.

आणखी गंमत म्हणजे त्या मालिकेत नोबिताची आई झालेल्या नोरिको ओहारा १९७९ ला खुद्द नोबिता झाल्या. नोबिताला सतावणारा जियान झालेले कानेता किमोत्सुकी नव्या मालिकेत जियानचा जोडीदार सुनियो झाले. पोत्यात घालून हलवल्यासारखी भूमिकांची अदलाबदल!

---

शेवग्याची_शेंग

थांबा थांबा. तीन डुकरांचा उल्लेख झालाय ना वर? त्या मालिकेत धाकट्या डुकराचा, ऊचा, आवाज तेत्सुको कुरोयानागी यांचा होता. हो, 'तोत्तोचान'वाल्याच! आपल्याकडे दर तिसऱ्या शिक्षकाच्या कपाटात जिचं मराठी पुस्तक असतं ती शाळेतून काढून टाकलेली मुलगी आणि जिच्या आवाजाला वर्ग हसायचा ती मुलगी, दोघी एका माइकवर डुकरं झाल्या होत्या. हे वाचून मला आज दिवसभर आनंद पुरणार आहे.

---

वडाची_पारंबी

शेंगे, हे मला माहीतच नव्हतं!! सुखी राहा.

चष्मेबहाद्दर, बरोबर. मूळ लेखात टाकायचं राहिलं.

नाकासमोर काका, रागावू नका. तुमची तक्रार खरी आहे, ताईचीही तीच. पण तो दोष त्या बोक्याचा नाही, त्याला मराठी कुणी शिकवलंच नाही याचा आहे.

---

नागोयाची_सून

अकरा वर्षं इथे आहे. धागा बघून लॉगिन केलं, पासवर्ड विसरले होते.

भाषेच्या बाजूने एक सांगते. जपानीत 'मी'ला डझनभर शब्द आहेत. डोरेमॉन स्वतःला 'बोकु' म्हणतो, म्हणजे मऊ स्वभावाच्या मुलाचा 'मी'. जियान 'ओरे' म्हणतो, रांगडा 'मी', आणि जास्तच अंगात आलं की 'ओरे-सामा', म्हणजे स्वतःलाच 'जी' लावल्यासारखं. नोबिताची मैत्रीण शिझुका 'वाताशी'. पण क्रियापदाला लिंग नाही. बाई माइकसमोर 'बोकु' म्हणाली की झाला मुलगा, पुढचं वाक्य जसंच्या तसं. मराठीत मात्र तिला प्रत्येक वाक्यात 'मी आलो, मी गेलो, मी खातो' म्हणत राहावं लागेल, एकदा जीभ घसरून 'आले' म्हटलं की संपलं. हिंदीत सोनल कौशल ही कसरत वयाच्या तेराव्या वर्षापासून करत आल्या आहेत. त्यांचंही कौतुक करा की कुणीतरी.

'बोकु दोराएमोन देसु' या तीन शब्दांत मुलाचा मऊपणा आहे आणि 'देसु'तली मोठ्यांसारखी अदबही आहे. हिंदीत यातलं काही येत नाही, मराठीतही आलं नसतं. ते आवाजातूनच आणावं लागतं.

ओयामाबाई गेल्याची बातमी ११ ऑक्टोबर २०२४ ला आली. २९ सप्टेंबरलाच गेल्या होत्या, नव्वद वर्षांच्या होऊन, वार्धक्याने. त्या संध्याकाळी आमच्या बालवाडीच्या दारात मुलांना न्यायला आलेल्या आया चक्क गप्प उभ्या होत्या. त्यांच्या मुलांना हा आवाज माहीतच नाही, ती नव्या आवाजावर वाढलेली. पस्तिशी-चाळिशीच्या बायका रडवेल्या आणि पोरं त्यांच्या तोंडाकडे बघताहेत, असा प्रकार.

आणि त्याच वर्षी १२ जुलैला नोरिको ओहारा गेल्या होत्या. नोबिता आधी गेला, अडीच महिन्यांनी डोरेमॉन. जियानचे काझुया तातेकाबे २०१५ ला, सुनियोचे किमोत्सुकी २०१६ ला.

---

फुकटचा_सल्लागार

भावनिक होण्याआधी पैशाचं बोला. एवढी २६ वर्षं म्हणजे बंगला बांधला असेल?

---

चष्मेबहाद्दर

सल्लागार, तिकडे नटसंघाचा दरपत्रकासारखा प्रकार आहे. नवख्याला अर्ध्या तासाच्या भागाचे १५,००० येन. तुम्ही भागभर बडबडा नाहीतर "गाडी आली!" एवढंच ओरडा, पैसे तेवढेच. श्रेणी वाढली की दर वाढतो. पण दर वाढला की निर्माता म्हणतो, त्यापेक्षा नवा पोरगा घेतो. त्यामुळे नाव झालेली माणसंही वरची श्रेणी मागताना दोनदा विचार करतात. बहुतेकांची चूल चालते ती जाहिराती, निवेदन, गेम आणि शिकवण्यांवर. सेइयू घडवणाऱ्या शाळा गल्लोगल्ली निघाल्या आहेत, फी घेतात, पण पुढे काम मिळणारी मुलं हाताच्या बोटांवर.

आणि हा दरही आयता मिळालेला नाही. १९७३ मध्ये या मंडळींनी काम बंद ठेवून रस्त्यावर मोर्चा काढला होता. मानधन तुटपुंजं होतं आणि मालिका पुन्हा दाखवली तरी नटाला दमडी मिळत नव्हती. डुकरं, ससे आणि यंत्रमानव फलक घेऊन चालले आहेत असं चित्र मी मनात रंगवतो. प्रत्यक्षात अर्थातच कोट घातलेली माणसं होती.

---

खर्ज_ते_तार

फलक घेऊन! आम्ही कधी एवढं धाडस केलं नाही. एका ठिकाणी (नाव नको) तीन वर्षांपूर्वीच्या निवेदनाचे पैसे अजून यायचे आहेत.

आता तर नवंच संकट आलंय. २०२४ च्या शेवटाला जपानच्या नामवंत सेइयूंनी एकत्र येऊन मोहीम काढली, की परवानगीशिवाय आमचे आवाज यंत्राला शिकवू नका. डोरेमॉनसाठी बाईंनी शिव्या गाळल्या तो निर्णय कुणाचा होता? यंत्र घोगरेपणा उचलेल. हा नकार कुठून उचलणार?

---

रात्रीचा_गेमर

वयाने लहान आहे, चुकलं तर सांभाळून घ्या. मी ओयामाबाईंना डोरेमॉनमुळे ओळखत नाही, मोनोकुमामुळे ओळखतो. 'डांगानरोन्पा' हा २०१० चा गेम. शाळेत मुलांना कोंडून एकमेकांना मारायला लावणारा अर्धा काळा, अर्धा पांढरा अस्वल, आणि त्याचा आवाज कुणाचा तर बाईंचा! निर्मात्यांनी मुद्दाम तोच आवाज घेतला. ज्या आवाजाने जपानी पोरांना लहानपणी झोपवलं, तोच म्हणतोय, चला, आता खून करा. मी जपानी नाही तरी माझ्या अंगावर काटा आला. मग विचार करा, तिकडच्यांचं काय झालं असेल.

म्हणजे पारंबीताई, साचा त्यांनी शेवटी फोडलाच. पण डोरेमॉन सोडल्यावर.

अवांतर: बाई चेंडूने विटा फोडायच्या 'अर्कनॉइड' या गेममध्ये भयंकर पटाईत होत्या. आर्केडमध्ये जाऊन खेळायच्या. मला हे डोरेमॉनपेक्षा भारी वाटतं.

---

वडाची_पारंबी

गेमर, तुझा मुद्दा मला दोन दिवस चावत होता. तू म्हणतोस तसंच आहे. साचा त्या तोडू शकत होत्या, अस्वलाने सिद्ध केलं. म्हणजे २६ वर्षं तोडला नाही ती ठरवून केलेली गोष्ट होती. वर मी 'धूर्तपणा' लिहिलं, तो शब्द मागे घेते. 'हट्ट' राहू दे.

सोडण्याचंही सांगते, अर्धवट राहिलं होतं. २००१ मध्ये त्यांना आतड्याच्या शेवटच्या भागाचा कर्करोग झाला, शस्त्रक्रिया झाली, पुन्हा माइकवर आल्या. पण त्यानंतर पुढची माणसं कोण, हा विचार सुरू झाला. २००५ च्या मार्चमध्ये पाचही मुख्य नट एकदम बाजूला झाले. एकेक करून गळती नाही, सगळे एका दारातून बाहेर. एप्रिलपासून वासाबी मिझुता या नव्या डोरेमॉन. मला हे फार मोठं वाटतं. आपल्याकडे नाटकात मूळ नट गेला की दुसरा येतो आणि प्रेक्षक वर्षभर "त्यांची सर नाही" म्हणत राहतात. तिकडेही म्हणालेच असतील. पण एकटी मिझुता जुन्या चौघांत उभी राहिली असती तर तिची रोज तुलना झाली असती. पाचही नवे म्हटल्यावर घरच नवं.

त्यानंतर ओयामाबाई टोक्योतल्या एका ध्वनिकला शिकवणाऱ्या संस्थेच्या प्राचार्य झाल्या. २००८ मध्ये मेंदूत रक्ताची गुठळी झाली. २०१२ मध्ये स्मृतिभ्रंशाचं निदान. पती केइसुके सागावा, तेही नट, दोघांचं लग्न १९६४ चं. त्यांनी ही गोष्ट तीन वर्षं चार भिंतींत ठेवली आणि २०१५ ला रेडिओवर सांगून टाकली. रेडिओवर! दोघांचं आयुष्य जिथे गेलं तिथेच. २०१७ मध्ये ते आधी गेले.

एवढं लिहून थांबले होते, पण भाच्याचं राहिलं. आता तो अकरावीत आहे. परवा त्याला जुना भाग ऐकवला. म्हणाला, "मावशी, हा डोरेमॉन कुणाचा तरी खरा असल्यासारखा वाटतो." मग मोबाइल उचलून निघून गेला.

---

नागोयाची_सून

अकरावीतला पोरगा एवढं बोलला म्हणजे भरपूर झालं.

---

नाकासमोर_चालणारा

तुमच्यामुळे काल नातीशेजारी बसून एक भाग जपानीत लावला. शब्द एक कळला नाही. मधे मी विचारलं, हा बोका काय म्हणतोय गं? नात म्हणाली, "आजोबा, गप्प. तो रडतोय." मराठीत म्हणाली.

तो जुन्या बाईंचा भाग होता की नव्या, ते कसं ओळखायचं? आणि जुने कुठे मिळतात?